बावीस नंबरची तार

बारावीच्या प्रात्यक्षिकासाठी एक नालकुंतल, म्हणजे नळीवर तार गुंडाळून केलेली कॉइल, स्वतः बनवायचं, असं या मे महिन्यात ठरवलं. मुलांनी आत सेन्सर सरकवत चुंबकीय क्षेत्र मोजावं आणि गणिताशी ताडून बघावं, एवढीच इच्छा. मधोमध किमान १०० गॉस (गॉस हे चुंबकीय क्षेत्राचं एकक) हवे होते. पृथ्वीचं क्षेत्र अर्ध्या गॉसहूनही कमी, त्यामुळे त्याची लुडबूड जाणवणार नाही.

शेतात ठिबकच्या कामातून उरलेला ४० मिमीचा पाइप होता. त्यावर २० सेंमी लांबीची कॉइल, वीज १२ व्होल्टच्या अडॅप्टरवरून. मी २६ नंबरची तार (नंबर जितका मोठा, तितकी तार बारीक) घेऊन दोन हजार वेढे द्यायचं ठरवलं. वेढे जास्त म्हणजे क्षेत्र जास्त, हे वर्गात इतकी वर्षं सांगत आलोय. अमळनेरला मोटार वाइंडिंग करणाऱ्या नानांकडे गेलो, तर कागद बघून ते म्हणाले, "सर, टर्न वाढाईसन काय व्हई? तार जाडी ले."

घरी येऊन पुन्हा मांडलं आणि त्यांचं म्हणणं अक्षरशः खरं निघालं. वेढे दुप्पट केले की तारही दुप्पट लागते, रोध दुप्पट होतो, प्रवाह निम्म्यावर येतो. वेढे गुणिले अँपिअर तेवढेच राहतात. १२ व्होल्टना एका वेढ्याच्या रोधाने भागलं की तो गुणाकार थेट मिळतो, त्यात वेढ्यांची संख्या येतच नाही! तार पातळ असेल तर कितीही गुंडाळा. २६ नंबरवर जेमतेम ५२ गॉस मिळाले असते. क्षेत्र ठरवते तारेची जाडी. वेढे ठरवतात प्रवाह किती ओढला जाईल आणि कॉइल किती तापेल. पुस्तकातलं सूत्र प्रवाह ठरलेला धरून चालतं, म्हणून हे माझ्या नजरेतून सुटलं होतं.

मग बावीस नंबर घेतली. तांबं ०.७११ मिमी, इनॅमलसकट पाऊण मिमीच्या थोडं वर. एका थरात २५० वेढे आरामात बसतात. चार थर, हजार वेढे. थरांमुळे सरासरी व्यास ४३ मिमी, म्हणजे एका वेढ्याला साडेतेरा सेंमी तार. एकूण १३५ मीटर, वजनात अर्धा किलोच्या आत (नाना तार किलोवरच देतात). रोध ५.९ ओहम, प्रवाह २ अँपिअरच्या किंचित वर. अँपिअर-वेढे २०३४. त्यांना ०.०१२५७ ने गुणायचं आणि मीटरमधल्या लांबीने भागायचं, की गॉस मिळतात. फक्त कॉइल आखूड असल्याने लांबीऐवजी लांबी आणि व्यास या बाजूंचा कर्ण घ्यायचा, २०.४६ सेंमी. उत्तर १२५ गॉस.

नानांनी काउंटरच्या मशीनवर अर्ध्या तासात गुंडाळून दिली, प्रत्येक थरावर कागद देऊन.

घरी ती चालू केल्याकेल्या हॉल सेन्सर (चुंबकीय क्षेत्रानुसार याचे व्होल्ट बदलतात) मधोमध धरला. २.५ व्होल्टवरून २.६६ वर गेला. गॉसला १.४ मिलीव्होल्ट, म्हणजे ११४ गॉस. अकरा कुठे गेले? वेढे मोजण्यात चूक झाली असेल म्हणून खूप अस्वस्थ झालो. मग अँपिअर बघितले, १.८७. रोधच वाढलेला. आणि भिंतीवरच्या थर्मामीटरकडे लक्ष गेलं: ४३ अंश. कोष्टकातला तांब्याचा रोध २० अंशांचा असतो, दर अंशाला तो सुमारे ०.३९ टक्के वाढतो. २३ अंशांचे ९ टक्के. खानदेशातल्या उन्हाळ्याने ते अकरा गॉस खाल्ले होते! पाच मिनिटं चालू ठेवल्यावर कॉइल हाताला चांगलीच गरम लागली आणि प्रवाह १.७ वर आला, त्यामुळे आता वाचन घेईपुरतीच चालू करायची, असा नियम केलाय.

पाइपवर चिठ्ठी चिकटवली आहे: "१००० वेढे, २२ नंबर, १२ व्होल्ट, ४३ अंशांना ११४ गॉस." खाली एक ओळ रिकामी ठेवलीय. जानेवारीत प्रयोगशाळा विसाच्या आसपास असताना ती मुलं भरतील.