ती अशी उभी नाही राहणार

मुलांच्या एका मासिकासाठी मी चित्रकथा काढतो. मागच्या अंकातली मुलगी अजून डोक्यातून जात नाही.

सातवीतली मुलगी, वर्गात बसल्याबसल्या वाढू लागते आणि मधल्या सुट्टीपर्यंत ५० फूट होते. संहितेत हे एका ओळीत आटपतं. चित्रकाराला फूटपट्टी घेऊन बसावं लागतं. मूळ उंची ५ फूट, म्हणजे १० पट. ९ इंचांचा बूट साडेसात फुटांचा होतो, दारापेक्षा लांब. वजन मात्र १,००० पट, ४० किलोचे ४० टन. आणि ते पेलणाऱ्या हाडाच्या छेदाचं क्षेत्रफळ वाढतं फक्त १०० पट. गॅलिलिओने १६३८ सालच्या पुस्तकात हाच हिशोब मांडला आहे. खरी मुलगी उभीच राहू शकणार नाही. चित्रकथेला तेवढं माफ असतं.

माफ नसते ती क्षितिजरेषा, म्हणजे चित्रात बघणाऱ्याच्या डोळ्यांच्या उंचीवर येणारी रेषा. ती राक्षसी मुलीच्या डोळ्यांच्या पातळीवर घेतली, की शाळा खेळण्यातली दिसते आणि मुलगी साधीच. पटांगणातल्या मुलांच्या डोळ्यांतून नेली, तर तीच रेषा हिच्या नडगीतून जाते, आणि वाचकाची मान आपोआप वर होते. हे न कळणारे संपादक नुसतं ‘अजून मोठी काढा’ म्हणत राहतात.

पेन्सिलमधलं पान घेऊन मी एका वर्गात गेलो. छप्पर फोडून, हात कमरेवर ठेवून उभी असलेली मुलगी पाहून पोरं ओरडली. शेवटच्या बाकावरची, वर्गातली सगळ्यांत उंच मुलगी गप्प होती.

“ती अशी उभी नाही राहणार,” ती म्हणाली.

“का गं?”

“सगळे बघतायत ना. ती बसेल. पाय पोटाशी घेऊन. हातसुद्धा लपवेल.”

त्या रात्री पान नव्याने काढलं. हनुवटी गुडघ्यांवर, तळवे काखेत, बूट एकमेकांना चिकटवलेले. बसल्यावर तिची उंची निम्म्याने उतरली, तरी ती आधीपेक्षा मोठी वाटत होती, कारण आता ती चौकटीच्या चारही कडांना टेकली होती. इतकं नेमकं पान माझ्या हातून क्वचितच उतरलंय.

संपादक म्हणाले, “पोरांना तोडफोड हवी असते,” आणि छप्पर फोडणारं पान छापलं. पोरांबद्दल ते नेहमीच असं ठामपणे बोलतात; पोरांमध्ये बसलेले मी त्यांना कधी पाहिले नाहीत.

दुसरं पान शाई न करता टेबलावर पडून आहे. ते त्या मुलीला दाखवायचंय. पण मग छापलं दुसरंच का, हे ती आधी विचारेल.