आमची वाटचाल : ही फाइल कोणाची?

नागपूरला सीताबर्डीत एका जिन्याखाली दोन टेबलं टाकून आम्ही कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान सुरू केलं, तेव्हा विंडोज एक्सपीचे दिवस होते. दुरुस्ती मी करायचो, धाकटा भाऊ इतवारी, गांधीबाग, कळमन्याच्या फेऱ्या मारायचा. मशीन अडली की फॉरमॅट मारायचा, म्हणजे सगळं पुसून विंडोज नव्याने टाकायचं, असा तेव्हा बाजाराचाच रिवाज होता. पहिली काही वर्षं आमचंही पोट त्यावरच भरलं.

तो रिवाज आम्ही सोडला तो एका फाइलमुळे.

८ एप्रिल २०१४ ला मायक्रोसॉफ्टने एक्सपीचा सपोर्ट थांबवला. त्याच्या आगेमागे इतवारीतल्या एका धान्याच्या अडत्यांनी नवी ६४ बिटची मशीन घेतली. बिलिंगचा प्रोग्राम मात्र जुनाच, ३२ बिटचा, म्हणजे आधीच्या पिढीच्या मशीनसाठी बनवलेला. दुसऱ्या दिवशी सकाळीच फोन आला, "भाऊ, मशीन तर चालू झाली, पण बिल निघून नाही राह्यलं." पडद्यावर पाटी होती : एमएसव्हीसीआर१०० डॉट डीएलएल सापडत नाही. मी दुकानातल्या मशीनवरून तीच फाइल पेनड्राइव्हवर नेली आणि विंडोजच्या सिस्टम३२ या फोल्डरमध्ये टाकली. पाटी तशीच. मग ती प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये टाकली, तर आकड्यांचा नवाच एरर आला, शेवटी ७बी असलेला. बाहेर माल भरलेली गाडी उभी, हमाल पायरीवर बसलेले. शेटजींनी मला चहा दिला, एक शब्द वाईट बोलले नाहीत. म्हणून ते मला जास्त लागलं.

त्या रात्री दुकानाचं शटर अर्धं ओढून वाचत बसलो. डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्राम मिळून वापरतात ती फाइल. आपल्याकडे समाजभवनात लग्नाच्या स्वयंपाकाचे मोठे गंज, म्हणजे पातेली, ठेवलेले असतात. प्रत्येक घराने ते विकत घ्यायचे नसतात, लागेल त्याने तिथून उचलायचे. पण त्यातला एक हरवला की ज्या ज्या घरी तो लागतो, तिथला स्वयंपाक अडतो. आणि आकाराने वेगळा गंज आणून ठेवला, तर जुनं झाकण त्याच्यावर बसत नाही.

माझी चूक नेमकी तीच होती. दुकानातली फाइल ६४ बिटची, प्रोग्राम ३२ बिटचा. शिवाय ६४ बिट विंडोजमध्ये नावं उलटी वाटावीत अशी आहेत : सिस्टम३२ मध्ये ६४ बिटच्या फाइली राहतात, आणि ३२ बिटच्या राहतात सिसवॉव६४ मध्ये. ३२ बिटचा प्रोग्राम सिस्टम३२ मागतो, तेव्हा विंडोज त्याला गुपचूप दुसऱ्या फोल्डरकडे वळवतं. मी टाकलेली फाइल त्या प्रोग्रामला दिसलीच नव्हती. ती फाइल ज्या संचातली, ते व्हिज्युअल सी++ २०१० चं ३२ बिटचं पॅकेज दुसऱ्या दिवशी मायक्रोसॉफ्टकडून उतरवून बसवलं आणि माझ्या दोन्ही फाइली काढून टाकल्या. बिल निघालं.

मग माझ्या बायकोने एक लाँगबुक आणून टेबलावर ठेवलं. रकाने तीन : फाइलचं नाव, ती कोणाची, काय केलं. आमचा धंदा खरा उभा राहिला तो मधल्या रकान्यावर. नावात १४० असलं, जसं व्हीसीरनटाइम१४०, तर ती व्हिज्युअल सी++ २०१५ आणि त्यानंतरच्या पॅकेजची. तिथे प्रोग्राम ३२ बिटचा की ६४ चा, ते पाहूनच पॅकेज बसवायचं. शंका असेल तर दोन्ही बसवली तरी चालतात. फाइल विंडोजची स्वतःची असेल तर विंडोजच्याच दोन दुरुस्तीच्या कमांड वापरायच्या : आधी डिझमने विंडोजचा मूळ फाइलींचा साठा दुरुस्त करायचा, मग एसएफसी स्कॅननाऊने बिघडलेल्या फाइली. फाइल प्रोग्रामचीच असेल तर आधी अँटिव्हायरसचा क्वारंटाइन, म्हणजे संशयित फाइली कोंडून ठेवायची जागा, उघडून बघायचा. पुष्कळदा ती तिथेच कोंडलेली सापडते. पण ती खरंच निर्दोष आहे का, याची खात्री न करता बाहेर काढायची नाही. प्रोग्राम मूळ सेटअपवरून पुन्हा बसवणंच बरं.

एक गोष्ट आमच्याकडे सक्त मना आहे : कुठल्याशा साइटवरून सुटी डीएलएल उतरवणं. ती कोणी बदलली, आत काय घातलं, कळायला मार्ग नाही, आणि ती जाऊन बसते दुकानदाराच्या हिशोबाच्या मशीनमध्ये. याबाबत मी कोणाचंही ऐकत नाही, गिऱ्हाईक गेलं तरी.

फॉरमॅट बंद केल्यावर दर फेरीची कमाई घटली. वर्षभर ओढाताण झाली. पण फॉरमॅटमध्ये ज्यांचे जुने हिशोब गेले होते, ते व्यापारी एकमेकांना आमचं नाव सांगू लागले. आज आम्ही सहा जण आहोत, आणि दुकान जिन्याखालून पहिल्या मजल्यावर गेलं आहे.

१४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा सपोर्ट संपला, तेव्हापासून मशीन बदलणाऱ्यांचे फोन पुन्हा वाढलेत. परवा कळमन्याहून एका संत्रा व्यापाऱ्यांचा फोन आला. आमच्याकडे नवीन लागलेल्या मुलाने लाँगबुक जवळ ओढलं, पेन उघडला आणि म्हणाला, "काका, काही दाबू नका. पाटीवरचं नाव मला एकेक अक्षर वाचून दाखवा."