रोज तोच डबा, तोच दरवाजा

मुंबईत नोकरीसाठी एकट्याने आलेल्या माणसाला खोली मिळते, पास निघतो, पण महिनोन् महिने कुणाशी ओळख होत नाही. शेजारच्या दाराला दिवसभर कुलूप. अशा माणसाने सुरुवात लोकलपासून करावी. ठरलेल्या वेळी रोज तीच माणसं भेटावीत अशी दुसरी जागा इथे सहसा सापडत नाही.

आधी गाड्या बदलणं थांबवायचं. 8:17ची ठरली की रोज 8:17च. शक्यतो स्लो धरावी, फास्टमध्ये श्वास घ्यायची मारामार, तिथे बोलणार काय! इंडिकेटरवर 12 डबे आहेत की 15 तेही बघावं, कारण त्यानुसार आपला डबा फलाटावर पुढेमागे थांबतो. डबा ठरला की दरवाजाही ठरवून टाकायचा.

पहिले काही दिवस कुणी दखल घेत नाही. ओळख सुरू होते बॅगेपासून. आत शिरल्यावर बसलेल्याला म्हणायचं, ‘जरा वर ठेवता?’ बॅग हातोहात रॅकपर्यंत जाते आणि उतरायच्या आधीच्या स्टेशनला तशीच परत येते. दुसरा शब्द म्हणजे बसलेल्याला विचारायचं ‘कुठे?’, म्हणजे कुठे उतरणार. उत्तर एकाच शब्दाचं, ‘घाटकोपर.’ तो उतरला की ती सीट तुमची झाली. मग बरेच दिवस तुमच्यासाठी त्याचं नावही घाटकोपरच असतं. नाव-गाव विचारायची घाई करू नये, लोक बिचकतात. कानात हेडफोन असेल तर मात्र कुणीच बोलायला येत नाही.

जुन्या गटांच्या जागा ठरलेल्या असतात. कायद्याने सीट कुणाचीच नाही, तरी पहिल्याच आठवड्यात त्यावरून वाद घालू नये. चौथ्या सीटवर, म्हणजे तिघांच्या बाकाच्या कडेला, टेकावं. गट दादागिरी करणारा निघाला तर सरळ डबा बदलावा, तिथे झुरत बसण्यात अर्थ नाही.

दसऱ्याच्या आधी डब्याच्या पूजेची वर्गणी निघते. झेंडूची तोरणं, हार, प्रसाद. वर्गणी तुमच्याकडे मागितली म्हणजे तुम्ही मोजणीत आलात. बायकांच्या डब्यात संक्रांतीनंतरच्या हळदीकुंकवाला हेच होतं.

वेळापत्रक बदललं की गट फुटतात. म्हणून नवं लागू होण्याआधीच विचारून ठेवावं, ‘आता कुठली पकडणार?’

आणि ‘दोन दिवस दिसला नाहीत?’ असं कुणी विचारलं, की त्याच दिवशी त्याला आपला फोन नंबर, खोलीचा पत्ता आणि गावाकडचा एक नंबर देऊन ठेवावा. तापाने अंथरूण धरलं तर दार वाजवणारं कुणीतरी हवं.