त्याला नशीब म्हणू नका

"नुसतं नशीब!" अमेरिकन फुटबॉलमधल्या माल्कम बटलरची ती इंटरसेप्शन, म्हणजे विरोधकांचा पास मधेच पकडणं, बघून आज कुणीतरी म्हणालं. दिवसभर ते डोक्यातून गेलं नाही.

१ फेब्रुवारी २०१५, सुपर बोल, म्हणजे हंगामाचा अंतिम सामना. सिॲटलचा संघ गोल लाइनपासून एका यार्डावर, बटलरचा संघ पॅट्रिअट्स २८-२४ पुढे. समोर सिॲटलचे दोन रिसीव्हर, म्हणजे पास झेलणारे खेळाडू, एकामागे एक उभे.

हीच चाल सरावात बटलरला चकवून गेली होती. तेव्हा तो पुढच्या रिसीव्हरला मागून वळसा घालून गेला. त्या एका पावलाच्या उशिरात टचडाउन झाला, म्हणजे चेंडू गोल लाइनपार गेला. या वेळी त्याच्याच संघातल्या ब्राउनरने पुढच्याला जागीच थोपवलं आणि बटलर वळसा न घालता सरळ चेंडूच्या वाटेवर घुसला. मागच्या रिसीव्हरच्या, म्हणजे लॉकेटच्या आधी पोचला. कॉर्नरबॅकचं, म्हणजे रिसीव्हरना रोखणाऱ्या बचावपटूचं, सगळं कसब याच एका पावलात असतं हो!

वेस्ट अलाबामासारख्या छोट्या कॉलेजचा हा पोरगा. ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ नवे खेळाडू निवडतात तेव्हा, कुणी घेतला नाही, चाचणी देऊन संघात आला.

आणि तीनच वर्षांनी, २०१८च्या सुपर बोलमध्ये, हंगामभर खेळलेल्या याच बटलरला बचावात एकदाही उतरवलं नाही. संघ ४१-३३ हरला. का बसवलं, ते प्रशिक्षकांनी तेव्हा नीट सांगितलंसुद्धा नाही. निदान कारण कळण्याचा हक्क तरी त्याला होता की नाही?