पिसाऱ्यातले माणूस

तान्ह्या पोळ्यासाठी आलेली मंडळी काल परत गेली आणि वाडा पुन्हा माझ्या एकटीच्या ताब्यात आला, तरी चिऊ जे बोलून गेली ते मनातून जात नाही. सकाळी काळ्या आणि पिवळ्या मारबतीच्या पुतळ्यांची मिरवणूक पाहून दमलेली ती संध्याकाळी पडवीत, आजोबांनी भिंतीवर काचांच्या तुकड्यांनी घडवलेल्या मोरासमोर आपला लाकडी बैल घेऊन खेळत बसली होती आणि मी आत उरलेल्या पुरणपोळ्या डब्यात भरत होते. हात पुसत बाहेर आले, तेव्हा ती एकदा भिंतीकडे आणि एकदा माझ्याकडे बघत होती. ‘‘आत्या, तू तर आत होतीस ना? मग इथे कशी आलीस?’’ असे तिने अगदी सहज विचारले आणि पुन्हा बैलाशी खेळू लागली.

आपली मनापासून आठवण काढणारे माणूस दिवेलागणीच्या वेळी मोराच्या पिसाऱ्यात दिसते, हे आमच्या घरात कोणी कोणाला पटवून देत नाही, ते आहेच. कोण दिसले ते मात्र सांगायचे नाही, हा आजोबांचा नियम. दादाने तो पाळला, वहिनीने पाळला, आईने तर शेवटपर्यंत पाळला. चिऊला तो कोणी सांगितलेलाच नव्हता.

मला त्या भिंतीत आजवर कोणीही दिसलेले नाही.

हे लिहिताना संकोच वाटतो, पण आज लिहायचेच आहे. नागपूरच्या महाल भागातल्या या वाड्यात जो येतो तो मोरासमोर थांबतो. दादा पुण्याहून आला की हातातली बॅग खाली ठेवण्यापूर्वी तिथे उभा राहतो. दूध घालणारे काका एका संध्याकाळी पैसे घ्यायला आले होते, त्यांनी सहज वर पाहिले आणि पैसे न घेताच डोळे पुसत निघून गेले. मी मात्र रोज त्याच भिंतीवरची धूळ ओल्या फडक्याने पुसते. मोराची मान निळ्या बांगड्यांच्या तुकड्यांची आहे, पाय काळ्या बशीच्या कडांचे आहेत, आणि पिसाऱ्यातल्या एका डोळ्यात फुटक्या कपाचा कान तसाच राहिला असून त्याच्या शेजारच्या पांढऱ्या तुकड्यावर गुलाबाचे अर्धे पान आहे. यातला प्रत्येक तुकडा मला बोटांनी ओळखता येतो. दिसते मात्र एवढेच.

मनाची समजूत काढण्यासाठी मी मोझॅकविषयी, म्हणजे असे तुकडे जोडून केलेल्या चित्रांविषयी, पुष्कळ वाचले. इटलीतील राव्हेन्ना येथे सान व्हिताले नावाचे चर्च आहे. ५४७ साली त्याचे समर्पण झाले आणि त्याच्या भिंतींवर सम्राट जस्टिनियन व सम्राज्ञी थिओडोरा आपापल्या लवाजम्यासह आजही उभे आहेत. त्या काळचे कारागीर काचेच्या दोन थरांमध्ये सोन्याचा वर्ख घालून तुकडे तयार करीत आणि ते एका पातळीत न बसवता किंचित तिरपे बसवीत, त्यामुळे प्रत्येक तुकडा वेगळ्या दिशेने प्रकाश परतवतो आणि पाहणारा चालू लागला की भिंत लुकलुकते. आजोबांनी राव्हेन्नाचे नावही ऐकले नसावे, तरी त्यांचा एकही तुकडा सपाट नाही. कासाराच्या दुकानातून आणलेल्या तुटक्या बांगड्या आणि आरशाच्या काचा त्यांनी सगळ्या कलत्या बसवल्या आहेत. त्यात माणसाचा मेंदू दोन ठिपके आणि एक रेघ मिळाली तरी चेहरा जुळवतो. शास्त्र म्हणून हे मला पटते. आमच्या गच्चीवरही चायना मोझॅक आहे, नागपूरचे ऊन परतवण्यासाठी बसवलेले पांढरे तुकडे. तिथे कोणाला कधी कोणी दिसले नाही. पण हा केवळ उजेडाचाच खेळ असेल, तर मग तो मला एकटीलाच का वगळतो? आणि खेळ नसेल, तर उत्तर उघड आहे आणि ते मी इतकी वर्षे मनात घेऊन वावरते आहे.

मी इथे का राहिले ते घरात सगळ्यांना ठाऊक आहे. जे माणूस कायम जागेवर असते त्याची आठवण काढण्याची वेळ येत नाही. दारामागच्या खुंटीची कोणी आठवण काढत नाही, हात आपोआप तिच्याकडे जातो. ज्याने आठवण काढायला हवी होती त्याच्याविषयी आज लिहिणार नाही.

रात्री झोप लागली नाही, आणि तेव्हा चिऊच्या प्रश्नाचा दुसरा अर्थ लक्षात आला. पोळ्या भरताना मी तिचाच विचार करीत होते. उद्या या वेळी पडवी रिकामी असेल, बैल ती सोबत नेईल की इथेच विसरेल, असे काहीबाही. म्हणजे मोराने तिला खरे तेच दाखवले. मग दादाला कोण दिसत असेल? तो भिंतीपुढून हलतो तो थेट स्वयंपाकघराच्या दारात येतो आणि माझ्याकडे न बघता म्हणतो, ‘‘चहा टाक गं.’’ नेमके त्याच क्षणी, दर वेळी. वहिनी नवी नवरी असताना एकदा मोरासमोरून आली आणि काही न बोलता माझ्या हातातली विळी काढून घेऊन भाजी चिरायला बसली. त्या दिवसापासून आमच्यात अवघडलेपण उरले नाही. त्याचे कारण मी कधी विचारले नाही.

आणि आई. शेवटच्या महिन्यांत मी तिची खुर्ची पडवीतच ठेवत असे. ती मोराकडे बघून हसायची आणि मान वळवून आत, चुलीच्या बाजूला बघायची. औषधाची गुंगी असेल असे डॉक्टर म्हणाले होते.

आज संध्याकाळी पावसाची एक सर येऊन गेली आणि पश्चिमेकडून स्वच्छ उजेड आला, तेव्हा मी पुन्हा मोरासमोर उभी राहिले. कोणी दिसले नाही. मला कोणी दिसत नाही याचे दुःख गेले असे मी म्हणणार नाही, परंतु मी त्या भिंतीत नाही असे आता म्हणता येत नाही, आणि हे माझ्या वाट्याला आलेले थोडके नाही. या पावसाळ्यात पिसाऱ्यातले दोन हिरवे तुकडे निखळले आहेत. ते मी स्वतःच पांढऱ्या सिमेंटने बसवीन, कारण मिस्त्रीला सांगितले तर तो ओळंबा लावून सपाट करील आणि कल जाईल. दादा बिल्डरविषयी जे बोलला त्यावर मी अजून काही उत्तर दिलेले नाही, ते वेगळे.

त्याला मात्र एक विचारायचे आहे. फोनवर नको, फोनवर तो विषय बदलतो. दिवाळीला येऊन तो मोरासमोरून माझ्या दारात येईल तेव्हा, आजोबांचा नियम मोडून, चहाचे आधण ठेवण्याआधी विचारीन.