गोणीतून बाटलीत: आमची वाटचाल

नाशिक जिल्ह्यात कांदा अमाप पिकतो. लासलगाव, पिंपळगाव बसवंतच्या बाजार समित्यांपुढे ट्रॅक्टरच्या रांगा लागतात आणि तिथून माल देशभर जातो, पण जातो तो गोणीतूनच. निफाडकडच्या शेतकरी घरात वाढलेल्या आम्हा दोघी जावांना हे फार खटकायचं. भाव पडला की चाळीत, म्हणजे कांदा साठवायच्या हवेशीर मांडवात, पडून असलेल्या कांद्याकडे बघून घरातली माणसं कशी गप्प होतात, हे आम्ही लहानपणापासून बघितलं आहे. म्हणून कांद्याचं मार्मालेड, म्हणजे आंबटगोड मुरंबा, करायला घेतलं, तेही घरच्याच ओट्यावर.

कांदा कुठला घ्यायचा यावर आम्ही ठाम आहोत: उन्हाळ. मार्च ते मे या काळात निघणारा, शेतात सुकवून चाळीत भरलेला. खरिपाच्या लाल कांद्याला पाणी जास्त असतं; तो आटवण्यात वेळ आणि गॅस दोन्ही जातात. त्यातही आम्ही जोड कांदा, म्हणजे एकाला एक चिकटून वाढलेला, आवर्जून घेतो. तो टिकत नाही, म्हणून लिलावात त्याला कमी भाव मिळतो, पण चवीत काहीच उणं नसतं. चिरायचाच असेल तर जोड असला म्हणून काय बिघडलं? गोल्टी, म्हणजे अगदी बारीक कांदा, मात्र घेत नाही, सोलण्यातच दिवस जातो.

खरं काम आचेवरचं. कांदा उभा, पातळ चिरायचा. जाड बुडाच्या स्टीलच्या पातेल्यात थोडं तेल आणि मीठ घालून झाकण ठेवायचं, म्हणजे त्याचं पाणी सुटतं आणि तो मऊ पडतो. मग झाकण काढून मंद आचेवर परतत राहायचं. किलोभर कांद्याला पाऊण तास तरी लागतोच. उग्रपणा वाफेबरोबर निघून जातो, अंगची साखर वर येते आणि रंग हळूहळू काकवीसारखा होतो. त्यानंतरच गूळ आणि व्हिनेगर. हा क्रम आम्ही कधीच मोडत नाही. आंबट आधी पडलं तर कांदा नीट शिजत नाही, करकरीत राहतो, आणि रंगही चढत नाही. लोखंडी कढई इथे चालत नाही, व्हिनेगरने तिची चव पदार्थात उतरते.

घरी करणाऱ्यांसाठी आमचं माप: सोललेला कांदा 1 किलो, गूळ 150 ग्रॅम, व्हिनेगर 150 मिली, मीठ दीड चमचा, शेवटी भरडलेली मिरी. चमचा फिरवल्यावर तळाशी वाट उमटून क्षणभर तशीच राहिली की झालं. उकळत्या पाण्यातून काढून कोरड्या केलेल्या बाटलीत गरमच भरा आणि फ्रिजमध्येच ठेवा.

फ्रिजचा आग्रह उगाच नाही. कांदा मुळात फारसा आंबट नसतो, त्याचा पीएच 5 च्या वरच असतो (पीएच म्हणजे आंबटपणाचं माप; आकडा जितका कमी, तितका पदार्थ आंबट). 4.6 च्या खाली उतरला नाही, तर हवाबंद बाटलीत बोट्युलिझम या जीवघेण्या विषबाधेचे जिवाणू वाढून विष तयार होऊ शकतं, आणि ते चवीला किंवा वासाला कळेलच असं नाही. विक्रीसाठी आम्ही प्रत्येक घाणा पीएच मीटरवर तपासतो आणि आकडा 4 च्या खाली असेल तरच बाटल्या भरतो. अन्नसुरक्षेची नोंदणी आम्ही पहिल्या विक्रीआधीच केली होती. नव्याने या धंद्यात येणाऱ्या भगिनींना कळकळीने सांगते, लेबलच्या छपाईआधी मीटरला पैसे घाला.

विक्री सुरू झाली ती ओळखीपाळखीत, मग बचत गटांच्या प्रदर्शनांत. तिथे आम्ही बिस्किटं ठेवलीच नाहीत. बाजरीच्या भाकरीचा तुकडा, त्यावर लोणी आणि वर मार्मालेड. लोक थांबायचे, खायचे, शेजारणीला बोलावून आणायचे. थालीपिठाबरोबर, पनीरबरोबर, मुलांच्या डब्यातल्या पोळीच्या गुंडाळीत, असे प्रकार गिऱ्हाइकांनीच आम्हाला शिकवले. पुढे गंगापूर धरणाच्या बाजूच्या वायनरींत येणाऱ्यांकडून चीजबरोबर खायला मागणी आली. तिथली चव वेगळी, म्हणून त्यांच्यासाठी निम्मं व्हिनेगर काढून लाल वाइन घालतो आणि आंबटपणा लिंबाच्या रसाने सांभाळतो.

मोठी यंत्रं घ्या, असा सल्ला बरेच जण देतात. चिरण्याचं यंत्र घेतलं आहे, डोळ्यांना मोठाच आराम मिळाला. पातेली मात्र छोटीच ठेवली आहेत. मोठ्या पातेल्यात कांदा स्वतःच्याच वाफेत उकडतो, परतला जात नाही. मागणी वाढली की आम्ही शेगडी वाढवतो आणि तिच्यापाशी गल्लीतली आणखी एक बाई कामाला येते.