आमची वाटचाल: छावणीतला भरडा

इंदूरच्या छावणी मंडीमागच्या गल्लीत बाबांनी चक्की टाकली, तेव्हा शेळीला विकतचा खुराक घालणे हा श्रीमंतांचा नाद समजत. त्यांची हॅमर मिल, म्हणजे हातोड्यांनी धान्य भरडणारी चक्की, अजून चालते. तिची जाळी मी कामगाराला बदलू देत नाही. बारीक भोकांची जाळी बसली की भरड्याचे पीठ होते, आणि पीठ पोटात झटकन आंबते. हे काम ज्याने केले त्यालाच कळते. पुढची वर्षे धंदा बरा चालला, त्यात सांगण्यासारखे काही नाही.

सांगायचे आहे त्या बकरी ईदचे. एका व्यापाऱ्याने राजस्थानातून सिरोही बोकड आणले, पाल्यावर आणि चराईवर वाढलेले. वजन लवकर भरावे म्हणून आमचा मक्याचा भरडा पहिल्याच दिवशी पोटभर घातला. बोकड आडवे झाले आणि दोष आमच्या गोणीला. शेजारच्या गल्लीतल्या एका दुकानदाराने तर 'हे विष विकतात' असे मंडीभर केले. उधारीवर मका देणारे अडतेही रोख मागू लागले. डॉक्टरांनी पोट फाडून दाखवले: न पचलेला मका, आंबट वास. एकदम धान्य पडले की पोटात लॅक्टिक आम्ल साठते, चारा पचवणारे जंतूच मरतात. पण हे ऐकायला कोण थांबतो?

महूच्या काकू थांबल्या. आपल्या दोन बरबरी शेळ्या टेम्पोत घालून आणल्या नि ऐन बाजारात आमच्या खांबाला बांधल्या. "ह्याच भरड्यावर आहेत, या बघा!" काकू दिवसभर तिथून हलल्या नाहीत. त्यांच्याकडून आजही मी हमाली घेत नाही.

विचारले नाही तरी सांगतो, खुराक कसा बदलायचा ते. पहिले 3-4 दिवस चौथाई नवे, बाकी जुने. मग निम्मे, मग पाऊण. पुरते बदलायला 10 ते 14 दिवस द्या. सकाळी आधी हरभऱ्याचे किंवा तुरीचे कुटार (मळणीनंतरचा भुसा), खुराक नंतर. लेंडी सैल झाली तर एक पायरी मागे या. रवंथ थांबला, डावी कूस फुगली तर घरगुती उपाय करत बसू नका, डॉक्टर बोलवा. आंत्रविषाराची, म्हणजे आतड्यात विष तयार होण्याच्या रोगाची, लस आधीच टोचून घ्या.

हा तक्ता आता आम्ही गोणीवर छापतो. त्या दुकानदारानेही उचलला आहे. दिवस मात्र 5 लिहिलेत.